निर्माती शिया मंग

चित्रपटाच्या धंद्यात ज्याला 'प्रोड्यूसर' म्हणतात, त्याच्यासाठी मराठीने स्वीकारलेला शब्द मोठा उदार आहे. निर्माता. लेखक लिहितो, नट अभिनय करतो, दिग्दर्शक दिशा दाखवतो; निर्माण करण्याचे श्रेय मात्र भाषेने निर्मात्याच्या पदरात टाकले आहे. व्यवहारात या शब्दाची आपण काय गत केली ते सर्वांना ठाऊक आहे. निर्माता म्हणजे पैसे घालणारा, आणि ते बुडाले की कपाळाला हात लावणारा, इतकाच त्याचा अर्थ उरला. चित्रपटाकडे वळलेल्या साहित्याच्या अभ्यासकाने तर या माणसाला विचारातूनच वगळले आहे. कादंबरीला एक लेखक असतो, तसा चित्रपटालाही एकच कर्ता असला पाहिजे, अशी आपली सोय. तो कर्ता म्हणून दिग्दर्शकाची स्थापना झाली की श्रेयनामावलीतील बाकीची नावे वाचण्याचे कारण राहत नाही.

या सोयीपायी काय हरवते, ते पाहण्यासाठी आम्ही हाँगकाँगच्या एका अभिनेत्रीचे उदाहरण घेणार आहोत. शिया मंग यांचे नाव मराठी वाचकाच्या कानांवरून गेले असण्याचा संभव कमी. चिनी भाषा बोलणाऱ्या जगात मात्र ते नाव जुन्या पिढीला चांगलेच ठाऊक आहे. दुर्दैवाने ते ठाऊक असण्याचे कारण बहुतेकदा चुकीचे आहे.

ते चुकीचे कारण आधी सांगून टाकतो. जिन योंग हे विसाव्या शतकातील चिनी भाषेतले बहुधा सर्वाधिक वाचले गेलेले कादंबरीकार. तलवारबाज वीरांच्या त्यांच्या कादंबऱ्या वृत्तपत्रांतून क्रमशः प्रसिद्ध होत आणि पिढ्यान्‌पिढ्या त्यांवर पोसल्या गेल्या. पन्नासच्या दशकात हेच गृहस्थ लिन हुआन या टोपणनावाने हाँगकाँगच्या 'ग्रेट वॉल' या चित्रसंस्थेसाठी पटकथा लिहीत होते, आणि शिया मंग त्या संस्थेच्या सर्वांत मोठ्या तारका होत्या. एवढ्या भांडवलावर एक दंतकथा उभी राहिली. जिन योंग यांनी चित्रसंस्थेत नोकरी धरली ती म्हणे तिच्या सहवासासाठी. ते प्रेम एकतर्फी राहिले. आणि १९५९ साली त्यांनी स्वतःचे 'मिंग पाओ' हे दैनिक काढले तेव्हा त्यात पहिल्या दिवसापासून सुरू झालेल्या कादंबरीतील शुभ्रवसना, अलिप्त नायिका म्हणजे दुसरी कोणी नसून शिया मंगच! यातले खरे किती आणि कल्पित किती याचा निवाडा करण्यात आम्हांला रस नाही. शिया मंग यांचा विवाह १९५४ सालीच झाला होता, एवढी एक कोरडी नोंद पुरे. आम्हांला रस आहे तो ही दंतकथा काय करते यात. चाळिसाच्या आसपास चित्रपटांत भूमिका केलेली, पुढे स्वतःची संस्था काढून तीन चित्रपट निर्माण केलेली एक बाई या कथेत केवळ दुसऱ्याच्या कादंबरीचे कारण बनून राहते. तिला 'प्रेरणा' म्हणतात. वाङ्मयेतिहासात हे पद स्त्रियांना आपण फार मोकळ्या हाताने वाटत आलो आहोत, कारण त्या पदाला काहीही करावे लागत नाही.

त्यांनी काय केले ते आता पाहू.

शिया मंग यांचा जन्म शांघायचा, १९३३ सालचा. घराणे मूळचे सूचौचे. जन्मनाव यांग मंग. १९४७ मध्ये, यादवी युद्ध ऐन भरात असताना, कुटुंब हाँगकाँगला आले. तेथील मेरीनॉल कॉन्व्हेंट शाळेत त्या शिकल्या आणि शाळेच्या रंगमंचावर इंग्रजी नाटकात जोन ऑफ आर्क झाल्या. १९५० साली 'ग्रेट वॉल'मध्ये त्यांचा प्रवेश झाला तो एका वर्गमैत्रिणीमुळे. तिचे वडील संस्थेच्या चालकांपैकी होते, आणि मुली स्टुडिओ पाहायला गेल्या होत्या. 'शिया मंग' हे पडद्यावरचे नाव त्यानंतरचे. शिया म्हणजे ग्रीष्म, मंग म्हणजे स्वप्न. शेक्सपिअरच्या 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'वरून ते सुचले असे सांगितले जाते, आणि शाळेतील इंग्रजी नाटकाची पार्श्वभूमी पाहता ते पटण्यासारखे आहे.

'ग्रेट वॉल' ही हाँगकाँगमधील डाव्या विचारांची चित्रसंस्था होती. हे विशेषण समजून घेतल्याशिवाय पुढचे काही कळणार नाही. वसाहत इंग्रजांची, भाषा चिनी, आणि चीन दोन: एक बीजिंगचा, दुसरा तैपेईचा. चित्रसंस्थांनाही यांपैकी एक बाजू धरावी लागे. 'ग्रेट वॉल'सारख्या संस्थांचे चित्रपट मुख्य भूमीवर दाखवले जात, तैवानात त्यांना मज्जाव होता. म्हणजे सतराव्या-अठराव्या वर्षी करारावर सही करताना या मुलीने नकळत आपल्या प्रेक्षकांपैकी एका भागावर कायमचे पाणी सोडले होते. संस्था बोधवादी होती, पण रूक्ष नव्हती. मद्य आणि मदनिका यांच्यावर पोट भरणाऱ्या चित्रपटांहून वेगळे, कौटुंबिक आणि सामाजिक चित्रपट ती मँडरिन भाषेत काढी, आणि साहित्यकृतींवर तिचा विशेष लोभ होता.

साहित्याच्या विद्यार्थ्यांनी येथे थोडे थांबावे. त्साव यू यांच्या १९३६ सालच्या 'सूर्योदय' या नाटकावरून १९५६ मध्ये चित्रपट निघाला, त्यात शिया मंग यांनी चेन बायलू रंगवली: हॉटेलातल्या खोलीत सावकारांच्या कृपेवर जगणारी, सूर्य उगवण्याच्या वेळी झोपेच्या गोळ्या घेऊन संपणारी. बा जिन यांच्या १९४४ सालच्या 'विश्रामोद्यान' या कादंबरीचे रूपांतर १९६४ साली झू शिलिन यांनी केले. पटकथा शिया यान यांची, आणि शिया मंग त्यात बागेच्या नव्या मालकाच्या पत्नी. जुना मालक उधळपट्टीने भिकेला लागलेला, नवा मालक त्याच वाटेवर. या दोन घरांच्या मध्ये उभी राहून सारे समजणारी आणि काहीच बदलू न शकणारी ही सुसंस्कृत गृहिणी आहे. १९५३ सालच्या 'अप्रतिम लावण्यवती'मध्ये त्या राजाची रक्षा रूची झाल्या, जी शेजारच्या राज्याचा बचाव व्हावा म्हणून राजाच्या शय्यागृहातून सैन्याज्ञेची मुद्रा चोरते. ही पटकथा 'लिन हुआन' यांची, म्हणजे जिन योंग यांची. दंतकथा सांगणारे या चित्रपटाचे शीर्षक तेवढे सांगतात. त्यातील स्त्री राजमुद्रा चोरून युद्धाचा निकाल फिरवते, हे सांगायचे राहून जाते.

आणखी एक चित्रपट आहे, तो तर दंतकथेची गंमतच करतो. जिन योंग यांनी ज्या दोन चित्रपटांचे सहदिग्दर्शन केले त्यांपैकी एक 'वांग वाघाने पळवलेली वधू'. हा युए संगीतनाट्याच्या शैलीतला चित्रपट. या नाट्यप्रकारात सर्व भूमिका स्त्रियांनी करण्याची परंपरा मोठी आहे. बालगंधर्वांच्या नेपथ्यरंगात वाढलेल्या आपल्या रसिकाला हे आरशातले उलटे प्रतिबिंब वाटावे. येथे शिया मंग पुरुष आहेत, एक देखणा पंडित. हा पंडित मित्राशी पैज लावून स्त्रीवेष करतो, दीपोत्सवात फिरतो, आणि गावगुंड त्याला स्त्री समजून पळवून नेतो. पुरुष झालेल्या स्त्रीने पुन्हा स्त्री व्हायचे, आणि तेही असे की आत पुरुष आहे याचा प्रेक्षकाला विसर पडू नये. ज्याने तिला म्हणे अप्राप्य देवता मानले, त्या लेखकाने दिग्दर्शनात हातभार लावलेल्या या चित्रपटात ती फजितीचा फार्स खेळते आहे, आणि झकास खेळते आहे.

अभिनयाची ही सतरा वर्षे आम्ही भराभर सांगितली, कारण आम्हांला १९६७ या वर्षापाशी यायचे आहे.

त्या वर्षी मुख्य भूमीवर सांस्कृतिक क्रांती सुरू होती आणि मे महिन्यापासून हाँगकाँगमध्ये तिचे पडसाद दंगलींच्या रूपाने उमटले. डाव्या चित्रसंस्था दोन्हीकडून भरडल्या गेल्या. बीजिंगच्या नव्या कारभाऱ्यांना त्यांचे आजवरचे चित्रपट बूर्झ्वा आणि विषारी वाटू लागले. वसाहतीच्या सरकारला त्यांतले कलावंत राजद्रोही वाटू लागले. वर ज्यांचा उल्लेख केला त्या झू शिलिन यांच्या १९४८ सालच्या एका ऐतिहासिक चित्रपटाला बीजिंगमध्ये देशद्रोही ठरवण्यात आले. जानेवारी १९६७ मध्ये मेंदूतील रक्तस्रावाने त्यांचे निधन झाले. वृत्तपत्रातील तो हल्ला वाचल्यावर ते कोसळले, अशी नोंद आहे. 'ग्रेट वॉल'च्या तीन तारकांना लोक तीन राजकन्या म्हणत: शिया मंग, शी हुई आणि चेन सी-सी. त्यांपैकी शी हुई आणि त्यांचे पती, अभिनेते फू छी, यांना इंग्रज सरकारने स्थानबद्ध केले आणि मार्च १९६८ मध्ये लो वूच्या सरहद्दीवरून चीनमध्ये हाकलून देण्याचा प्रयत्न केला. दोघांनी जाण्यास नकार दिला. पलीकडच्यांनीही त्यांना आत घेतले नाही. एका पुलावर, दोन राजवटींच्या मधोमध, पडद्यावरची राजकन्या आणि तिचा नायक रात्रभर बसून राहिले. कोणा कादंबरीकाराने हा प्रसंग लिहिला असता तर त्यावर प्रतीकाचा हव्यास धरल्याचा आरोप आम्हीच केला असता.

शिया मंग त्या पुलावर नव्हत्या. त्यांनी १९६७ मध्येच अभिनय सोडला, कुटुंबासह कॅनडाची वाट धरली आणि त्यावर जाहीर भाष्याचा गाजावाजा केला नाही. अखेरचा चित्रपट १९६८ साली त्यांच्या पश्चात प्रदर्शित झाला. काही काळाने त्या हाँगकाँगला परतल्या त्या तयार कपड्यांचा कारखाना चालवण्यासाठी. चित्रपटाकडे दहा-बारा वर्षे पाठ.

या जाण्याला कोणी पलायन म्हणेल, कोणी शहाणपण. सोबतचे लोक तुरुंगात जात असताना निघून जाणे ही काही वीरगाथा नव्हे, आणि ती तशी रंगवण्याचे कारण नाही. परंतु पुढे जे घडले ते या जाण्याशिवाय घडले नसते, असे आमचे मत आहे. ज्यांनी आयुष्य एका बाजूच्या चित्रपटांत काढले, त्या बाजूनेच आपल्या माणसांना कसे खाल्ले ते पाहिले, आणि मग मशीनवरच्या कापडाचा हिशेब ठेवत एक तप काढले, त्यांना गोष्ट निवडताना कशाची भीती वाटत नसावी.

सत्तरचे दशक सरताना चीनची दारे किलकिली झाली आणि शिया मंग यांनी 'ब्लूबर्ड' ही संस्था काढली. चिनी पुराणांत निळा पक्षी हा पश्चिमेच्या राणीमातेचा निरोप्या. या संस्थेने शिया मंग यांच्या हातून तीन चित्रपट दिले. मधला, १९८३ सालचा, लहान मुलांच्या कसरतींनी भरलेला तलवारबाजीचा चित्रपट. त्यावर आम्हांला फारसे बोलण्यासारखे नाही. पहिला आणि तिसरा मात्र हाँगकाँगच्या चित्रपटाच्या इतिहासातून वजा करता येणार नाहीत.

पहिला 'बोट पीपल', १९८२. व्हिएतनाममधून होड्यांतून पळालेले निर्वासित १९७५ पासून हाँगकाँगच्या किनाऱ्याला लागत होते. दिग्दर्शिका ॲन हुई यांनी दूरचित्रवाणीवरील एका लघुपटासाठी आणि नंतर 'द स्टोरी ऑफ वू व्हिएत' या चित्रपटासाठी हा विषय आधी हाताळला होता. 'बोट पीपल' हा त्यांचा चौथा चित्रपट; वय पस्तीस. शिया मंग यांची पिढी स्टुडिओतल्या रंगवलेल्या पडद्यांपुढे घडलेली. ॲन हुई आणि त्यांचे साथी रस्त्यावर कॅमेरा नेणारे, नवे. एका पिढीच्या तारकेने दुसऱ्या पिढीच्या बंडखोराच्या हाती संस्थेचा पहिलाच डाव द्यायचा, ही निवड निर्मातीची होती, आणि ती कोणत्याही पटकथेइतकीच लेखनक्रिया होती असे आम्ही म्हणतो.

चित्रपट व्हिएतनाममध्ये करता येणे शक्य नव्हते. चीन आणि व्हिएतनाम यांचे १९७९ साली युद्ध झाले होते, संबंध विकोपाला गेलेले. म्हणून चिनी सरकारच्या परवानगीने हायनान बेटावर दा नांग शहर उभे केले गेले. या परवानगीची किंमत लगेच समोर आली. मुख्य भूमीवर चित्रण करणाऱ्या कलावंतांना तैवानची बाजारपेठ बंद होई. त्या भीतीने चौ युन-फॅट यांनी भूमिका नाकारली आणि ती अँडी लाउ या नवख्या तरुणाकडे गेली. पुढे चित्रपटावरही तैवानमध्ये बंदी आली, कारण तो हायनानमध्ये चित्रित झाला होता. कम्युनिस्ट राजवटीखालील हालअपेष्टांचे इतके दाहक चित्रण करणारा चित्रपट कडव्या कम्युनिस्टविरोधी तैवानने नाकारला, का, तर तो कोणत्या मातीवर चित्रित झाला म्हणून! तीस वर्षांपूर्वी 'ग्रेट वॉल'च्या नव्या नटीसमोर बंद झालेले दार निर्माती म्हणूनही बंदच राहिले.

कथा थोडक्यात अशी. अकुतागावा हा जपानी वृत्तछायाचित्रकार १९७५ मध्ये दा नांगमध्ये विजयी सैन्याचे आगमन टिपतो. तीन वर्षांनी सरकारी पाहुणा म्हणून परत येतो तेव्हा त्याला नव्या आर्थिक क्षेत्रातली गाणारी, हसरी, टापटीप मुले दाखवली जातात. तो फोटो काढतो. मग एकट्याने फिरण्याची परवानगी मिळवतो, आणि काम नुओंग या चौदा वर्षांच्या मुलीच्या मागे मागे जात त्याच शहराच्या पाठच्या अंगाला पोचतो. तेथे गोळ्या घालून मारलेल्यांच्या अंगावरच्या वस्तू शोधायला मुले धावतात, आणि त्या जागेला 'कोंबड्यांचे खुराडे' म्हणतात. अखेरीस तो कॅमेरा विकतो, मुलीला आणि तिच्या भावाला होडीत बसवण्यासाठी; आणि होडीसाठी नेत असलेल्या इंधनाने स्वतः पेटतो.

या चित्रपटावरील लिखाणात छायाचित्रकाराच्या नजरेविषयी पुष्कळ विवेचन येते आणि ते सारे ॲन हुई यांच्या खात्यावर जमा होते. त्यांचे श्रेय कमी करण्याचा आमचा हेतू नाही. प्रत्येक चौकट त्यांची आहे. पण पहिल्या भागातील ती गाणारी मुले पाहताना आम्हांला निर्मातीची आठवण होते. कॅमेऱ्यासमोर काय मांडले जाते आणि त्यासाठी चेहऱ्यावर कोणते हसू आणावे लागते, हे सतरा वर्षे चौकटीच्या आत उभ्या राहिलेल्या बाईइतके कोणाला ठाऊक असणार? आदर्श मुले, आदर्श गाव, आदर्श कुटुंब दाखवणाऱ्या बोधवादी चित्रपटांची ती स्वतः नायिका होती. दिग्दर्शिकेला ही जाण मुलाखती घेऊन मिळवावी लागली. निर्मातीकडे ती अनुभवाने होती. हे अनुमान आहे, मान्य. परंतु कवीच्या चरित्रातून कवितेची अशी अनुमाने आपण बिनदिक्कत काढत असतो.

चित्रपटावर चारी बाजूंनी टीका झाली, आणि ती सगळीच मूर्खपणाची नव्हती. १९८३ साली कानच्या महोत्सवात तो स्पर्धेत दाखवण्याचे टळले. व्हिएतनामशी संबंध राखू पाहणाऱ्या फ्रेंच सरकारची नाराजी नको म्हणून तो स्पर्धेबाहेर, ऐनवेळचा चित्रपट म्हणून दाखवला गेला. पश्चिमेतील डाव्या टीकाकारांचा आक्षेप असा: चीनने शत्रूची बदनामी करण्यासाठी जागा दिली, परवानगी दिली, आणि हाँगकाँगच्या चित्रकर्मींनी ती वापरली, याला प्रचार म्हणू नये तर काय म्हणावे? हा आक्षेप झटकून टाकता येत नाही. १९८२ मध्ये व्हिएतनामविरोधी चित्रपट बीजिंगच्या सोयीचा होता, यात शंका नाही. शिया मंग यांच्या जुन्या ओळखी आणि डाव्या गोटातील प्रतिष्ठा यांच्यावाचून ती परवानगी दुसऱ्या कोणाला मिळाली असती असे वाटत नाही. म्हणजे ज्या दाराने त्या आत गेल्या ते दार सत्तेचेच होते.

पण मग चित्रगृहात काय घडले? हाँगकाँगच्या प्रेक्षकाने पडद्यावर व्हिएतनाम पाहिलाच नाही. त्याने एक 'मुक्त' झालेले शहर पाहिले, आणि त्या वर्षी ब्रिटनच्या पंतप्रधान मार्गारेट थॅचर बीजिंगमध्ये हाँगकाँगच्या भवितव्याची बोलणी करत होत्या. १९९७ नंतर आपले काय होणार, हा प्रश्न घेऊन आलेल्या लोकांना दा नांगच्या रस्त्यांवर आपलेच रस्ते दिसले. ॲन हुई यांनी असे रूपक आपल्या मनात असल्याचे नाकारले, आणि त्यांचे म्हणणे अविश्वसनीय मानण्याचे कारण नाही. तरीही बीजिंगच्या परवानगीने, बीजिंगच्या भूमीवर, बीजिंगच्या शत्रूविषयी केलेला चित्रपट बीजिंगच्याच भयाची गोष्ट म्हणून वाचला गेला. एखादी कृती तिच्या प्रायोजकाच्या हातून अशी निसटते तेव्हा ती प्रचार राहत नाही, एवढे तरी साहित्याच्या विद्यार्थ्याने मान्य करायला हरकत नसावी. दुसऱ्या हाँगकाँग चित्रपट पुरस्कारांत 'बोट पीपल'ला सर्वोत्कृष्ट चित्रपट, दिग्दर्शन आणि पटकथा यांसह पाच पुरस्कार मिळाले. २००५ साली चिनी भाषेतील शंभर वर्षांच्या चित्रपटांची जी यादी त्याच पुरस्कारांच्या निमित्ताने झाली तीत तो आठवा होता.

दोन वर्षांनी 'होमकमिंग' आला. मूळ चिनी शीर्षकाचा अर्थ साधारण 'पाण्यासारखी वाहणारी वर्षे'. दिग्दर्शक यिम हो, तेही नव्या लाटेतले. येथे राजकारण नावालाही नाही, निदान वरवर पाहता. हाँगकाँगमध्ये धंदा करणारी एक थकलेली तरुणी आजीच्या मृत्यूनंतर ग्वांगडाँग प्रांतातल्या गावी येते. बालमैत्रीण आता शाळेची मुख्याध्यापिका झाली आहे, आणि तिघांच्या खेळगड्यांपैकी तिसरा तिचा नवरा, शेतकरी. बस, एवढेच. जुनी माया, थोडा मत्सर, शहरी पैशांनी शाळेच्या मुलांची सहल काढणे, आणि न बोललेले पुष्कळ काही. मुख्याध्यापिकेच्या भूमिकेत सीचिन गाओवा आहेत. लाओ श यांच्या 'रिक्षावाला'वरील १९८२ सालच्या चित्रपटातली त्यांची दांडगी 'वाघीण' ज्यांनी पाहिली असेल, त्यांना ही शांत, खेडवळ, आत काहीतरी दाबून ठेवलेली बाई ओळखूही येऊ नये. पाहुणी झालेल्या जोसेफिन कू हाँगकाँगच्या आणि नवख्या. मुख्य भूमीची नटी आणि हाँगकाँगची नटी एका चुलीपाशी बसवणे, त्या काळात, हे कथेइतकेच आशयाचे काम होते. आणि ते जमवून आणणे म्हणजे पत्रव्यवहार, परवाने आणि मनधरणी, ज्याला कोणत्याही समीक्षेत परिच्छेद मिळत नाही.

'होमकमिंग'मध्ये एकही माणूस वाईट नाही. 'बोट पीपल'नंतर लगेच हा चित्रपट काढणे आम्हांला फार अर्थपूर्ण वाटते. पहिल्यात राजवटीपासून पळणारी माणसे होती, दुसऱ्यात त्या राजवटीखाली नांदणारी, सुखदुःखाची, आपल्यासारखी माणसे आहेत. यिम हो आणि ॲन हुई ही दोन वेगळी मने. दोन्ही चित्रपट त्यांच्या दिग्दर्शकांच्या नावे वेगवेगळ्या कपाटांत ठेवले तर त्यांचे एकमेकांशी चाललेले संभाषण ऐकू येत नाही. निर्मातीच्या नावाखाली ते शेजारी ठेवले की ऐकू येते. एकाच व्यक्तीला दोन्ही म्हणायचे होते: तुमची भीती खरी आहे, आणि पलीकडे राहतात ती तुमचीच माणसे आहेत. डिसेंबर १९८४ मध्ये हाँगकाँगच्या हस्तांतराच्या संयुक्त घोषणापत्रावर सह्या झाल्या, आणि पुढच्या वर्षी 'होमकमिंग'ला सर्वोत्कृष्ट चित्रपटासह सहा हाँगकाँग चित्रपट पुरस्कार मिळाले. त्यानंतर शिया मंग यांनी चित्रपट निर्माण केला नाही.

निर्मात्याला कर्ता मानले तर कोणताही भांडवलदार उद्या कलावंत म्हणून मिरवेल, अशी शंका कोणी घेईल. घेऊ द्या. दिग्दर्शकाला कर्ता मानल्यानेही पुष्कळ सुमार माणसे कलावंत म्हणून मिरवलीच. कोणाच्या निवडींतून एक विचार दिसतो आणि कोणाच्या नाही, हे कृती पाहूनच ठरवावे लागेल. समीक्षकाला त्या कष्टातून सुटका नाही. शिया मंग यांच्या बाबतीत दोन चित्रपटांवरून असे बोलणे घाईचे आहे काय? दोन कादंबऱ्यांवर पन्नास प्रबंध उभे करणाऱ्या आपल्या विद्यापीठीय व्यवस्थेने हा प्रश्न विचारू नये.

३० ऑक्टोबर २०१६ रोजी हाँगकाँगमध्ये शिया मंग यांचे निधन झाले. मृत्युलेखांत जिन योंग होतेच. पुढे ३० ऑक्टोबर २०१८ रोजी, बरोबर त्याच तारखेला, जिन योंग वारले, आणि दंतकथेला अखेरचा अध्याय मिळाला: दोन वर्षांनी, त्याच दिवशी! ही तारीख त्यांच्या वाचकांत आता तोंडपाठ आहे. हायनानवर दा नांग उभे करण्याची परवानगी कोणी मिळवली, हे त्यांपैकी किती जणांना सांगता येईल कोण जाणे. 'बोट पीपल'ची नवी स्वच्छ प्रत गेल्या काही वर्षांत उपलब्ध झाली आहे. वर्गात दाखवणार असाल तर सुरुवातीची नावे पुढे ढकलू नका. शिया मंग यांचे नाव त्यांतच आहे.